मफिन कर, पण टोफूचा बाऊ नको

अगं, टोफू घालून मफिन होतात का म्हणून विचारलंस ना? होतात. चांगले होतात आणि जेऊरात बसून करता येतात. पुण्याहून कुणीतरी टोफूचं पाकीट आणून देईल याची वाट बघू नकोस. पण तू ते ज्या कारणासाठी करायला निघाली आहेस, ते कारण आधी जरा तपासून घेऊ. मोबाईलवर कुणीतरी सांगितलं की हे मफिन म्हणजे प्रोटीनचा खजिना, पोराला डब्यात दोन दिले की झालं. तसं काही नसतं, बाई.

हिशोबच करू. घरी केलेल्या मऊ टोफूत शंभर ग्रॅमला आठेक ग्रॅम प्रथिनं असतात. दहा मफिनच्या पिठात टोफू जातो दीडशे ग्रॅम. म्हणजे सगळे मिळून बारा ग्रॅम आणि एका मफिनच्या वाट्याला सव्वा. तुझ्या घरात शेंगदाण्याचा डबा कायम भरलेला असतो. त्यातले मूठभर, तीसेक ग्रॅम दाणे पोराच्या हातावर ठेवलेस तर सात-आठ ग्रॅम प्रथिनं तशीच मिळतात. सोयाबीन पौष्टिक आहे यात वाद नाही, वाळल्या दाण्यात छत्तीस ते चाळीस टक्के प्रथिनं असतात. पण मफिनपर्यंत पोचता पोचता त्यात पाणी येतं, पीठ येतं, गूळ येतो. टोफूचं पोषण हवं असेल तर त्याची कांदा-मिरची घालून भुर्जी कर आणि भाकरीबरोबर वाढ. मफिन हा खाऊ आहे. त्याला खाऊच राहू दे, औषध करू नकोस.

मग टोफू घालायचाच कशाला? तुझ्या घरात त्याला खरं कारण आहे आणि ते मला पटतं. तुझे सासरे माळकरी. अंडं उंबऱ्याच्या आत येत नाही. बेकरीतल्या केकच्या खोक्यावर हिरवा ठिपका आहे का हे बघितल्याशिवाय ते हात लावत नाहीत आणि ते बरोबरच आहे त्यांचं. केकमध्ये अंड्याची कामं दोन-तीन असतात: पीठ धरून ठेवायचं, ओलावा द्यायचा, तेल आणि पाणी एकजीव करायचं. टोफू यातली बरीचशी कामं करतो. सोयाबीनमध्ये लेसिथिन असतं, ते तेल-पाण्याला फुटू देत नाही. प्रथिनं भाजताना घट्ट होतात आणि मफिन चुरा न होता हातात राहतो. एका अंड्याच्या जागी साठेक ग्रॅम घोटलेला टोफू असं साधारण माप धर. एक काम मात्र त्याला जमत नाही. फेटलेल्या अंड्यात हवा धरून राहते, टोफूत राहत नाही. म्हणून फुगवायची जबाबदारी पूर्णपणे बेकिंग पावडर आणि सोड्यावर येते.

आणि दही? घरात म्हैस आहे, विरजण रोज लागतं. नुसतं बिनअंड्याचं करायचं असेल तर दह्यानंही भागतं, हे मी लपवणार नाही. पण तुझ्या जावेच्या धाकट्याला दूध पचत नाही, पोट फुगतं त्याचं. त्याच्यासाठी टोफू. शिवाय दह्याचे मफिन दुसऱ्या दिवशी कोरडे पडायला लागतात, टोफूचे जास्त वेळ मऊ राहतात. आमचे पाहुणे जेऊर स्टेशनवरून पहाटे गाडी धरून पुण्याला निघतात तेव्हा डब्यात द्यायला हेच बरे.

आता टोफू. जेऊरच्या दुकानात टोफू मागितलास तर समोरचा पनीर काढून देईल. सोया पनीर म्हटलंस तर सोयाबीनच्या वड्या देईल. तेव्हा घरीच कर. भुसार दुकानातून पाव किलो सोयाबीन आण. २०२५-२६ साठी सरकारनं सोयाबीनला क्विंटलमागे ५,३२८ रुपये हमीभाव धरला, म्हणजे पाव किलोचे तेरा-साडेतेरा रुपये झाले. दुकानदार त्यावर त्याचं काढेल, तरी पाकिटातल्या टोफूपेक्षा किती तरी स्वस्त.

इथं एक गोष्ट कान देऊन ऐक. पेरणीतून उरलेलं सोयाबीन कोपऱ्यात पिशवीत पडलेलं असतं, ते चुकूनही घेऊ नकोस. त्या बियाण्याला बुरशीनाशक चोळलेलं असतं, थायरमसारखं. कधी त्यावर गुलाबी किंवा लाल रंग दिसतो, कधी दिसतही नाही. धुतलं तरी ते खायचं नाही, कोंबड्यांनाही घालायचं नाही. सोयाबीन आणायचं ते खायचं म्हणून सांगूनच आण.

दाणे रात्री भिजत घाल. थंडीत आठ-दहा तास लागतात. आपल्याकडचा एप्रिल-मे असेल तर सहा तासांत भिजतात आणि पाणी मधे एकदा बदलावं लागतं, नाहीतर आंबून फेस येतो. भिजलेले दाणे दोन हातांत चोळ, सालं वर तरंगतील, ती ओतून टाक. वाटताना गार पाणी घालू नकोस, चांगलं गरम पाणी घाल. सोयाबीनला तो कच्चट, हिरवट वास येतो ना, तो दाणा फुटल्यावर त्यातल्या एका विकरामुळे तयार होतो. गरम पाण्यानं ते विकर तिथंच मरतं. ज्यांना सोयाबीन आवडत नाही त्यातल्या पुष्कळांना हा वासच आवडत नसतो.

पाव किलोला सगळं मिळून दोन लिटर पाणी धर. वाटलेलं मऊ सुती फडक्यातून गाळ आणि पिळून घे. मागं राहतो तो चोथा टाकू नकोस. थालीपिठाच्या भाजणीत मिसळ, नाहीतर कांदा-कोथिंबीर आणि बेसन घालून वडे कर. तो कच्चा असतो, म्हणून नीट शिजेल अशाच पदार्थात घाल.

दूध उकळताना समोरून हलू नकोस. सोयादुधाची एक खोडी आहे: खरी उकळी यायच्या आधीच फेस वर येतो आणि आपल्याला वाटतं झालं. तो फेस फसवा असतो. आच कमी कर, तळाला लागू नये म्हणून हलवत राहा आणि त्यानंतर चांगली पंधरा मिनिटं उकळू दे. हे वासापुरतं नाही. कच्च्या सोयाबीनमध्ये प्रथिनं पचू न देणारा एक घटक असतो, तो उकळल्यावरच निकामी होतो. पोरांना अर्धकच्चं सोयादूध पाजून पोट बिघडलं की दोष सोयाबीनला मिळतो.

खाली उतरवून पाच मिनिटं थांब. दोन मोठ्या लिंबांचा रस अर्ध्या वाटी पाण्यात मिसळून हळूहळू ओत. दोनदाच पळी फिरव आणि झाकून ठेव. पंधरा मिनिटांनी वर पिवळसर नितळ पाणी दिसलं म्हणजे दूध नासलं. पाणी अजून पांढरंच असेल तर आणखी थोडा रस घाल. चीन-जपानात यासाठी जिप्सम नाहीतर समुद्राच्या मिठातून निघणारं मॅग्नेशियम क्लोराईड वापरतात आणि त्यांचा टोफू जास्त गुळगुळीत होतो. आपल्याला तो घोटायचाच आहे, तेव्हा लिंबू पुष्कळ झालं. उलट लिंबाचा फायदा आहे. त्याचा थोडा आंबटपणा टोफूत राहतो आणि पुढं सोड्याला तो लागतोच. म्हणून मफिनसाठीचा टोफू धुऊ नकोस. फडक्यात बांधून वीस मिनिटं नुसता टांग, वर पाटा-वरवंटा ठेवून दाबू नकोस. दाबलेला टोफू भाजीला चांगला, मफिनला मऊ हवा. या मापात साडेतीनशे-चारशे ग्रॅम निघेल. दीडशे मफिनला काढ, उरलेला पाण्यात बुडवून फ्रिजमध्ये ठेव, पाणी रोज बदल आणि तीन दिवसांत संपव.

मिक्सरचं भांडं कुठलं घेशील याची मला खरी धास्ती आहे. सोलापूरकरांच्या घरात छोटं भांडं म्हणजे शेंगाचटणीचं भांडं. त्याच्या रबरात लसूण मुरलेला असतो, कितीही घास, जात नाही. त्यात टोफू घोटलास तर वेलदोड्याचे मफिन खाताना सगळे एकमेकांकडं बघतील. ज्यूसचं भांडं घे.

गोडाला केळी. आणि केळ्याच्या बाबतीत, बाई, तुझ्यासारखं नशीब पुण्या-मुंबईत कुणाचं नाही. उजनी धरणाच्या फुगवट्याचं पाणी आलं आणि करमाळा तालुक्याचा तो पट्टा उसाबरोबर केळीचाही झाला. कंदर, वाशिंबे, जेऊर या भागातली जी-नाईन जातीची केळी खोक्यात बसून आखातात जाते. तिकडं जाणारा माल हिरवा, एकसारखा, डाग नसलेला लागतो. वाकडी फणी, सुटी केळी, पिकून ठिपके पडलेली केळी मागं राहतात आणि गावात त्यांना कुणी विचारत नाही. मफिनला नेमकी तीच हवीत. केळं पिकतं तेव्हा त्यातल्या पिठाची साखर होत जाते. सालावर काळे ठिपके दाट झाले की ते सर्वांत गोड असतं. पिवळंधमक केळं दिसायला छान, पण मफिनमध्ये फिकं लागतं. निर्यातीनं नाकारलेली केळी गुरांपुढं टाकायच्या आधी दोन बाजूला काढून ठेव.

आता माप सांगते, लिहून घे. दीडशे ग्रॅम टोफू, दोन मोठी पिकली केळी, शंभर ग्रॅम चिरलेला गूळ आणि पाव वाटी तेल मिक्सरमध्ये एकदम गुळगुळीत होईपर्यंत फिरव. टोफूची कणी राहिली तर भाजल्यावर पांढरी दिसते आणि पोरं ती वेचून ताटाच्या कडेला लावतात. तेल करडईचं घे, मिळालं तर. सोलापूर जिल्हा एके काळी करडईचाच होता आणि तिच्या तेलाला वास कमी. शेंगदाण्याचं घाण्याचं तेल कालवणाला उत्तम, इथं त्याचा वास पुढं पुढं करतो.

दुसऱ्या परातीत दीडशे ग्रॅम कणीक, पन्नास ग्रॅम ज्वारीचं पीठ, दीड चमचा बेकिंग पावडर, पाव चमचा खायचा सोडा, चिमूट मीठ आणि वेलदोड्याची पूड दोनदा चाळून घे. चमचा म्हणजे पोह्याचा नव्हे, औषधाचा पाच मिलिलिटरचा. सोडा डोळ्यानं अंदाज करून घालू नकोस. जास्त झाला की साबणासारखी चव येते आणि मग कुणी दुसरा मफिन उचलत नाही. ज्वारी नुसती घालून करायचा मोह होईल, घरची मालदांडी आहे म्हणून. पण ज्वारीत ग्लुटेन नसतं. भाकरी आपण उकळत्या पाण्यानं वळवून घेतो, मफिनला ते चालत नाही, तो भुसभुशीत होऊन सांडतो. पाव हिस्सा ज्वारी ठीक, चव खमंग होते. त्यापुढं जाऊ नकोस.

मिक्सरमधलं मिश्रण पिठात ओत आणि कोरडं पीठ दिसेनासं झालं की हात थांबव. केकचं पीठ खूप फेटावं ही अंड्याच्या केकची सवय आहे. इथं फेटत राहिलीस तर कणकेला चिवटपणा येतो आणि मफिन रबरी होतात. पीठ भज्याच्या पिठापेक्षा घट्ट असावं, चमच्यातून गोळ्यानं पडावं. फारच घट्ट वाटलं तर दोन-तीन चमचे सोयादूध. वर जाडसर दाण्याचं कूट भुरभुरव. पिठात सोडा गेला की ते ठेवून द्यायचं नसतं, त्यामुळं भट्टी आधीच तापलेली पाहिजे.

भट्टी म्हणजे ओटीजी असेल तर १८० अंश, दहा मिनिटं आधी तापवून, मग वीस ते पंचवीस मिनिटं. पण वस्तीवर लाईटचा काय भरवसा? हे यंत्र हजार-बाराशे वॅटच्या पुढं ओढतं, घरातल्या इन्व्हर्टरवर चालवायला जाऊ नकोस. मधेच लाईट गेली तर दार उघडायचं नाही. आतली ऊब बराच वेळ टिकते आणि अर्धवट फुगलेला मफिन गार वारा लागला की बसतो, मग परत उठत नाही. ओटीजी नसेल तर जाड बुडाचं जुनं पातेलं घे, तळाला मीठ पसर, वर जाळी ठेव, घट्ट झाकण घालून दहा मिनिटं तापव आणि तेल लावलेल्या स्टीलच्या वाट्यांत पीठ पाऊणच भरून आत ठेव. आच मंद, अर्धा तास. कुकर वापरलास तर रबर आणि शिट्टी दोन्ही काढून. यात हयगय नको. सुरीचं टोक मधोमध घालून बघ, ओलं पीठ चिकटलं तर पाच मिनिटं आणखी. टोफूचे मफिन आतून थोडे ओलसरच राहतात, ते कच्चे समजून काळे करू नकोस. आणि गरम गरम फोडायचे नाहीत. गार झाल्यावर त्यांचा पोत जमतो.

आपल्या आईच्या वेळी दिवाळीत बायका रवा, मैदा, तूप, साखर डब्यात घालून बेकरीत न्यायच्या आणि नानकटाई भाजून आणायच्या, आठवतं? रांगेत बसून कुणाचा डबा कुठला यावर भांडणं व्हायची. भाजणं हे आपल्या स्वयंपाकघरातलं काम नव्हतंच, चूल तवा-कढईची होती. तेव्हा पहिल्या खेपेला चारी बाजूंनी सारखा रंग आला नाही म्हणून खट्टू होऊ नकोस.

घरात सांगायचं कसं, हाही तुझा प्रश्न दिसतोच. सासूबाईंपासून टोफू लपवू नकोस. काहीजणी गंमत म्हणून खाऊ घालतात आणि मग टाळी वाजवून सांगतात, ओळखा काय घातलं होतं. माळकरी माणसाच्या घरात अशी गंमत करायची नसते. आधीच सांग: सोयाबीनचं दूध नासवून केलंय, अंडं नाही, जनावराचं काही नाही. आणि कुणी म्हणालंच की सोयाबीन हे काय नवीन खूळ, तर सांग की १९३५ साली वर्ध्याच्या मगनवाडीत गांधीजींनी सोयाबीन खाऊन बघायचा प्रयोग केला होता आणि 'हरिजन'मध्ये त्यावर लिहिलंही होतं. महाराष्ट्रात ते पीक म्हणून पसरलं त्यानंतर कित्येक वर्षांनी, विदर्भ-मराठवाड्यात तर शेतंच्या शेतं त्याची झाली. तरी ताटात ते आलंच नाही. तेल काढायचं आणि पेंड कोंबड्यांना घालायची, एवढीच आपली त्याच्याशी ओळख. गंमत बघ, अंडं नको म्हणून आपण सोयाबीन घेतो आणि अंडं देणारी कोंबडी तीच सोयापेंड खाऊन वाढलेली असते!

एकादशीला मात्र हे पुढं करू नकोस. गहू आहे, ज्वारी आहे, उपासाला चालणार नाही आणि फुकट बोलणी बसतील.

आता जे सांगते ते मफिनपेक्षा महत्त्वाचं. तू सकाळी उपाशीपोटी थायरॉईडची गोळी घेतेस. सोयाबीनमुळं ती गोळी अंगात नीट शोषली जात नाही असं होऊ शकतं. म्हणून गोळी घेतल्याबरोबर चहासोबत मफिन तोंडात टाकायचा नाही. तीन-चार तास जाऊ देत आणि पुढच्या वेळी डॉक्टरांना सांगून ठेव की मी सोयाबीन खायला लागले आहे. बंद करायची गरज सहसा पडत नाही, पण त्यांना माहीत असावं. आणि शेजारच्या पोरांना देताना त्यांच्या आयांना विचार. सोयाबीनची ॲलर्जी असते काहींना. पाकिटावर ते वेगळं लिहायचा नियम त्यासाठीच आहे.

टिकायचं म्हणशील तर हिवाळ्यात दोन दिवस बाहेर, उन्हाळ्यात एक. त्यापुढं फ्रिज. केळं आणि टोफू दोन्ही ओले, आपल्याकडं पारा चाळिशी ओलांडतो तेव्हा आंबट वास यायला वेळ लागत नाही. शंका आली तर चाखून बघू नकोस, टाकून दे.

शेवटी ते विकायचं म्हणालीस त्याबद्दल. बचत गटातल्या बायकांनी डोक्यात घातलं असेल, एसटी स्टँडवर, स्टेशनवर हातोहात जातील म्हणून. खाऊ विकायचा तर अन्नसुरक्षेची नोंदणी लागते, खोक्यावर हिरवा ठिपका आणि सोयाबीन असल्याचं लिहावं लागतं, आणि रोज एकसारखा माल निघावा लागतो. आज फुगला, उद्या बसला हे गिऱ्हाईक ऐकून घेत नाही. आधी दोन-चार महिने घरात कर. सासरे स्वतःहून म्हणू देत, सूनबाई, ते केळ्याचं आहे का शिल्लक. तोवर विकण्याचं नाव काढू नकोस.